प्रेक्षागृहात आवाज होणाऱ्या मुलांनी नाटक कुठं बघायचं?

रंकाळाकाठ | रविवार, रात्री १०:४०

गेल्या महिन्यात मुलाला घेऊन नाटकाला गेले होते. कुठलं नाट्यगृह, कुणाचं नाटक ते लिहीत नाही, तक्रार करायला हा धागा काढलेला नाही. मुलगा चौदा वर्षांचा आहे, त्याला टूरेट सिंड्रोम आहे. मान झटकली जाते, खांदा उडतो आणि घशातून 'हुक्' असा आवाज येतो. दिवसातून किती वेळा, हे मोजणं तो चौथीत असतानाच मी सोडून दिलं.

पहिल्या अंकात तो आवाज दाबत होता. मला शेजारी बसून कळत होतं, कारण दाबताना तो उजव्या हाताची मूठ मांडीखाली घालतो. पंधरा-वीस मिनिटांनी दाबलेलं सगळं एकदम बाहेर आलं. पुढच्या रांगेतल्या बाई दोनदा वळून बघून गप्प बसल्या, तिसऱ्यांदा त्यांनी 'श्शू' केलं. मध्यंतरात एक कार्यकर्ता आला आणि अगदी अदबीनं म्हणाला, "वहिनी, लोकांना त्रास होतोय, तुम्ही मागं दारापाशी बसता का?" आम्ही दारापाशी बसलो नाही, घरी निघालो. गाडीवर माझ्या मागं बसून तो सगळा रस्ता हुक् हुक् करत होता. मिरजकर तिकटीला थांबलो तेव्हा म्हणाला, "आई, शेवटी त्या म्हाताऱ्याचं काय झालं ते मला कुणाला तरी विचारून सांगशील?"

त्या रात्री काही केल्या झोप लागेना. मोबाईलवर शोधता शोधता जेस थॉम सापडली. लंडनची कलाकार, टूरेट असलेली. हालचालींच्या टिक्समुळं (टिक म्हणजे आपोआप होणारी हालचाल किंवा निघणारा आवाज) तिला चालणं अवघड जातं, म्हणून ती चाकाची खुर्ची वापरते. तिच्या तोंडून दिवसाला हजारो वेळा 'बिस्किट' हा शब्द निघतो. २०११ मध्ये ती एका विनोदी कलाकाराचा कार्यक्रम बघायला गेली होती. त्याला तिनं आधी कल्पना दिली होती, त्यानं स्टेजवरून लोकांनाही सांगितलं होतं. तरी मध्यंतरात तिला उठवून साउंडवाल्याच्या खोलीत बसायला सांगण्यात आलं. ती रडली, यापुढं नाटक-थिएटर बंद असं तिनं ठरवून टाकलं.

मग काही काळानं तिच्या लक्षात आलं की नाट्यगृहात एक जागा अशी आहे जिथून आपल्याला कुणी उठवू शकत नाही. ती जागा म्हणजे रंगमंच.

२०१४ मध्ये एडिंबरोच्या फ्रिंज महोत्सवात तिनं 'बॅकस्टेज इन बिस्किट लँड' केलं. सोबत एक सहकलाकार आणि बाहुल्या. संहितेला धरून राहणं तिच्या मेंदूला जमत नाही, त्यामुळं प्रत्येक प्रयोग वेगळा. टिक आली की ती त्यातच शिरते, त्यावरच पुढचं वाक्य रचते, लोक हसतात आणि तीही हसते. हसायची परवानगी तिनं सुरुवातीलाच दिलेली असते. नंतर तिनं सॅम्युएल बेकेट या नाटककाराचं 'नॉट आय' केलं. १९७२ सालचं छोटं नाटक, पूर्ण अंधार, फक्त एक तोंड उजेडात आणि त्यातून थांबता न येणारं बोलणं. या भूमिकेची नट्यांना धास्ती वाटते, इतकं ते वेगात बोलायचं असतं. जेसला त्या तोंडात आपल्यासारखीच एक बाई दिसली. चाकाच्या खुर्चीसकट तिला उंचावर नेलं, शेजारी सांकेतिक भाषेत सांगणारी कलाकार उभी राहिली, बेकेटच्या शब्दांत मधूनमधून तिचं 'बिस्किट' आलं. आणि प्रेक्षकांत कुणी आवाज केला, उठून गेलं, परत आलं, तरी चालणार होतं. अशा प्रयोगाला तिकडं 'रिलॅक्स्ड परफॉर्मन्स' म्हणतात.

हे वाचताना मला सारखं खासबाग आठवत होतं. दोन वर्षांपूर्वी त्याचा मामा त्याला कुस्त्या बघायला घेऊन गेला होता. हलगी कडाडतेय, पब्लिक ओरडतंय, जोड सुटली की आरोळी उठतेय. त्या सगळ्यात माझ्या पोराच्या 'हुक्'कडं एका माणसानं मान वळवली नाही. उलट शेजारच्या एका आजोबांनी त्याच्या पाठीवर थाप मारून विचारलं म्हणे, "कुणाच्या बाजूनं रं?" मैदान आणि केशवराव भोसले नाट्यगृह शेजारी शेजारी आहेत. शाहू महाराजांनी दोन्ही बांधली, मैदान १९१२ ला, नाट्यगृह १९१५ ला. भिंतीच्या एका बाजूला माझा मुलगा प्रेक्षक आहे, दुसऱ्या बाजूला अडथळा.

इथं नाटकवाले बरेच आहेत म्हणून विचारते. कोल्हापुरात असा एखादा प्रयोग करता येईल का? काय काय लागेल? कुणाला नको वाटत असेल तर तेही मोकळेपणानं लिहा.

---

तालीमवाला | रविवार, रात्री ११:१५

ताई, वाचून गलबलून आलं. आमच्या पेठेत एक पोरगं होतं असंच, डोळं मिचकवायचं आणि शीळ घालायचं. मास्तर मारायचं त्याला, मुद्दाम करतंय म्हणून. घरच्यांनी देवऋषी केला, लिंबू उतरून टाकलं, गंडा बांधला. शेवटी त्यानं शाळाच सोडली. आज पस्तिशीचा हाय, गॅरेज चालवतोय. अजून शीळ घालतोय, पण इंजिनात डोकं घातलं की अर्धा-अर्धा तास काय बी नाही. त्याला काय झालंय ह्याचं नाव मला आज तुमच्या धाग्यावर कळलं. उद्या त्याला दाखवतो.

सतरंज्या, खुर्च्या, माणसं, काय लागेल ते सांगा. मंडळाची पोरं हायत.

---

गावाकडची डॉक्टर | सोमवार, सकाळी ७:०५

वर 'मुद्दाम करतंय' आलंय, त्यावर थोडं लिहिते.

टूरेटचं वर्णन १८८५ मध्ये जिल द ला टूरेट या फ्रेंच डॉक्टरनं केलं, त्याचंच नाव पुढं चिकटलं. अंगाच्या एकाहून जास्त टिक्स आणि आवाजाची किमान एक टिक, अठराव्या वर्षाच्या आत सुरू झालेली आणि वर्षाहून अधिक काळ राहिलेली, असं असेल तर हे निदान करतात. बहुतेकांत सुरुवात पाच-सात वर्षांच्या आसपास होते, दहा ते बारा या वयात जोर सर्वांत जास्त असतो आणि मोठेपणी पुष्कळांचा तो कमी होतो. मुलींपेक्षा मुलग्यांत तीन-चार पट आढळतं. तोंडातून शिव्या जाणं म्हणजेच टूरेट, ही सिनेमातून आलेली समजूत आहे. तसं दहातल्या एखाद्याच्याच बाबतीत होतं.

टिकच्या आधी अंगात एक कळ येते, शिंक येण्याआधी येते तशी. शिंक थोडा वेळ दाबता येते, पण ती दाबताना समोरचा माणूस काय बोलतोय त्याकडं लक्ष राहतं का? ताईंच्या मुलानं पंधरा-वीस मिनिटं मूठ मांडीखाली घालून काढली, म्हणजे तेवढं नाटक त्यानं पाहिलेलंच नाही. ताण, उत्साह, थकवा यांनी टिक्स वाढतात, आणि 'थांब' म्हटल्यानंही बहुतेकदा वाढतात. कशात तरी मन रमलं की बऱ्याचदा कमी होतात. गॅरेजवाल्या दादांचं उदाहरण अगदी तेच सांगतंय. त्यांना म्हणावं, एकदा मेंदूविकारतज्ज्ञांना भेटा. औषध घ्यायलाच हवं असं नाही. कळ आली की तिच्या जागी दुसरी हालचाल करायला शिकवणारी उपचारपद्धतीही आहे.

---

जुना प्रेक्षक | सोमवार, सकाळी ९:३०

मोकळेपणानं लिहा म्हणालात, म्हणून लिहितो. तुमच्या मुलाबद्दल मला पूर्ण सहानुभूती आहे. पण मी पन्नास वर्षं नाटकं बघतो आहे. नाटकातली शांतता हीसुद्धा लेखकानं लिहिलेली असते. नट एक क्षण थांबतो, सबंध प्रेक्षागृह श्वास धरतं, त्या क्षणासाठी मी तिकीट काढतो. तो मोडला तर परत मिळत नाही. नटाची एकाग्रता मोडते ती वेगळीच. मोबाईल वाजला की आपण सगळे चिडतो ना? मग नियम सगळ्यांना सारखा नको का?

---

पडद्यामागचा | सोमवार, दुपारी १:५०

काका, मी राज्य नाट्य स्पर्धेत पंधरा वर्षं हौशी नाटकं करतोय. त्या थांबलेल्या क्षणाची किंमत मला माहीत आहे, तुमचा मुद्दा मी उडवून लावणार नाही. पण मोबाईल बंद करता येतो, मान झटकणं बंद करता येत नाही. दोघांना एकच नियम लावला तर तो सारखा कसा म्हणायचा?

दुसरं म्हणजे, ही शांतता आपल्या रंगभूमीवर पहिल्यापासून होती असंही नाही. ज्यांचं नाव आपल्या नाट्यगृहाला आहे त्या केशवराव भोसल्यांच्या काळात पद संपलं की 'वन्स मोअर'चा पुकारा व्हायचा. नाटक तिथंच थांबायचं, मेलेलं पात्र उठून पद पुन्हा म्हणायचं अशा आठवणी आपण कौतुकानं सांगतो. तमाशात शिट्टी आली नाही तर बाईला वाटायचं, आपलं काही चुकलं. कीर्तनात बुवांनी खूण केली की सगळा मंडप 'विठ्ठल विठ्ठल' म्हणतो. आपल्या प्रेक्षकाला आवाज होता. तो पूर्ण गप्प बसायला लागल्याला फार काळ झालेला नाही.

नटांच्या एकाग्रतेचं म्हणाल, तर गावच्या जत्रेत समोर पोरं रडताहेत, शेजारी पाळणा फिरतोय, मध्येच कुत्रं स्टेजवर येतंय, अशा स्थितीत आमच्या लोकांनी प्रयोग केलेत.

---

निळी छत्री | सोमवार, सायंकाळी ६:२०

मी स्वमग्न मुलीचा बाबा. ती नऊ वर्षांची आहे, बोलत नाही, टॅबवर चित्रं दाखवून सांगते. एक अवघड गोष्ट मांडतो, रंकाळाकाठ ताईंनी राग मानू नये.

माझ्या मुलीला अचानक येणारा आवाज सहन होत नाही. कुकरची शिट्टी झाली तरी ती कान दाबून टेबलाखाली जाते. गणपतीच्या मिरवणुकीचे दोन दिवस आम्ही गावी पळून जातो. तुमचा मुलगा 'हुक्' करणार आणि त्या आवाजानं माझी मुलगी किंचाळणार. तिच्या किंचाळण्याचा ताण येऊन तुमच्या मुलाचं 'हुक्' वाढणार. दोघांचीही चूक नाही, पण दोघं एका दालनात कशी बसतील?

हे लिहिलं कारण 'सगळ्यांना सामावून घेऊ' म्हणणं सोपं असतं. आमच्या मुलांच्या गरजा एकमेकींशी भांडतात, हे बाहेरच्या माणसाला दिसत नाही.

---

रंकाळाकाठ | सोमवार, रात्री ९:०५

राग कशाचा दादा, हे मला सुचलंच नव्हतं. दोनदा वाचलं. मुलालाही दाखवलं. तो बराच वेळ गप्प होता आणि मग म्हणाला, "ती कुठं बसणार ते आधी कळलं तर मी लांबच्या बाजूला बसेन. आणि तिला मोठे हेडफोन असतात तसले द्या."

---

निळी छत्री | सोमवार, रात्री ९:४०

आवाज अडवणारे इअरमफ आहेत तिच्याकडं, निळ्या रंगाचे. त्याला सांगा, काकांनी थँक यू म्हटलंय.

आणि तिला कधी नाटकाला नेता आलं तर आधी फोटो लागतील. दार कसं दिसतं, पायऱ्या किती, खुर्ची कुठली, अंधार कधी होणार, कोण ओरडणार. हे सगळं चित्रांच्या गोष्टीसारखं आठवडाभर रोज बघून झालं की ती नवीन जागी जाते. मागच्या वर्षी दंतवैद्याकडं असंच नेलं.

---

दिवाबत्ती | सोमवार, रात्री १०:१०

मी लाइट्स करतो. माझ्या बाजूनं सांगतो.

प्रेक्षागृह पूर्ण काळं करायचं नाही. हाउस लाइट वीस-पंचवीस टक्क्यांवर ठेवायचे, म्हणजे उठून जाणाऱ्याला वाट दिसेल. झकपक लाइट काढून टाकायचे, मिरगी असलेल्यांसाठीही ते बरं. ब्लॅकआउट एकदम न देता पाच-सहा सेकंदांत उतरवायचा. साउंडचा फेडर एका ठरलेल्या खुणेच्या वर न्यायचा नाही, बंदुकीचा बार असेल तर रेकॉर्डेड आवाजाऐवजी लाकडाची फळी आपटून हलका करायचा. तिसरी घंटा कर्कश असते, तिथं झांज वाजवता येईल. यातलं काहीही महाग नाही, फक्त माझा लाइट प्लॉट परत लिहावा लागेल. दोन रात्रींचं काम.

---

अर्धी वाक्यं | मंगळवार, सकाळी ८:१५

सगळे प्रेक्षकांबद्दल बोलताय, मी स्टेजकडून लिहिते.

मला डिस्लेक्सिया आहे. हे तिशीनंतर कळलं. कॉलेजात असताना एका ग्रुपमध्ये नाटकाच्या वाचनाला बसले. गोल करून बसायचं आणि आपली पाळी आली की वाचायचं. माझी पाळी आली आणि अक्षरं हलायला लागली. मी अडखळले, कुणीतरी हसलं, दुसऱ्या दिवशी भूमिका दुसरीला गेली होती. दिग्दर्शक वाईट माणूस नव्हता. त्याला वाटलं, हिला वाचताच येत नाही तर पाठांतर काय होणार. खरं तर मी ऐकून दोन दिवसांत सबंध नाटक पाठ करते. आमच्या आजीला अक्षरओळख नव्हती, तिला जात्यावरच्या शेकडो ओव्या पाठ होत्या. तिला कुणी नापास केलं नाही.

जेस थॉमबद्दल वाचताना मला हेच लागलं. तिनं आपला मेंदू दुरुस्त करून मग रंगमंचावर पाऊल ठेवलं नाही. नाटकाचा घाटच तिनं आपल्या मेंदूप्रमाणं बदलून घेतला. अपंग कलाकार म्हटलं की आपल्याकडं 'अपंगत्वावर मात' हे शब्द ठरलेले. मला मात करायची नव्हती, मला फक्त कुणीतरी संवाद वाचून दाखवायला हवे होते.

---

पडद्यामागचा | मंगळवार, सकाळी १०:००

ताई, मीही वाचनाला असंच बसवतो. माझ्या हातून असं कुणी गेलं असेल का, हे रात्रभर आठवत बसणार आहे. पुढच्या नाटकापासून पहिलं वाचन मी एकटा मोठ्यानं करीन आणि त्याचं रेकॉर्डिंग सगळ्यांना देईन. तुम्ही अजून कोल्हापुरात असाल तर तालमीला या.

मात न करता घाट बदलणं, याचं मराठीतलं उदाहरण आठवलं. स्वागत थोरात यांनी अंध कलाकारांना घेऊन मराठी नाटकं बसवली, २००८ मध्ये 'स्पर्शज्ञान' हे ब्रेल पाक्षिकही तेच घेऊन आले. डोळे नसलेला नट रंगमंचावर जागा कशी ओळखतो, याचा विचार केला की आपण नेपथ्य किती आळसानं मांडतो ते कळतं.

---

करवीरकर | मंगळवार, दुपारी ३:३०

कायद्याचं बोलतो. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात अपंगत्वाचे २१ प्रकार आहेत, १९९५ च्या कायद्यात सातच होते. स्वमग्नता आणि डिस्लेक्सियासारख्या अध्ययन अक्षमता या यादीत आल्या. टूरेटचं नाव त्यात नाही, ही उणीव मला खटकते. कलम २९ मात्र सगळ्यांनी वाचावं. सांस्कृतिक जीवनात आणि करमणुकीत इतरांच्या बरोबरीनं भाग घेता यावा यासाठी शासन आणि स्थानिक संस्थांनी उपाय करायचे आहेत, असं त्यात आहे. म्हणजे नाट्यगृह महापालिकेचं असेल तर आपण हक्कानं बोलू शकतो.

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले जळालं तेव्हा आम्ही रस्त्यावर उभं राहून रडलो. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती. पुनर्बांधणीत लाकूड, कमानी, जुनं रूप यांवर खूप बोललं गेलं, बोलायलाच हवं होतं. त्याच्या जोडीला प्रेक्षागृहालगत एक शांत खोली असावी, तिथून रंगमंच दिसला नाही तरी आवाज ऐकू यावा, आणि चाकाच्या खुर्चीची जागा रांगेच्या मध्ये असावी, असं निवेदन आपण द्यावं. अपंगांसाठी काम करणाऱ्या नसीमा हुरजूक यांनी १९८४ पासून या शहराला चाकाच्या खुर्चीचा विचार करायला लावला. उतार कुठं हवा हे आज कोल्हापुरात माणसाला सांगावं लागत नाही, निदान मान्य तरी करतात. मेंदूच्या बाबतीत आपण अजून पहिल्या पायरीवर आहोत.

जाता जाता: 'न्यूरोडायव्हर्सिटी'ला मराठी शब्द सुचवा. 'मज्जावैविध्य' पुस्तकी वाटतो.

---

तालीमवाला | मंगळवार, दुपारी ४:१०

'डोक्याची वेगवेगळी घडण' म्हणा की. आमच्या आईला कळंल असं.

---

जुना प्रेक्षक | मंगळवार, रात्री ८:४५

दोन दिवस सगळं वाचतो आहे. 'वन्स मोअर'चा मुद्दा मला लागला, कारण माझे वडील 'वन्स मोअर' देणाऱ्यांपैकी होते आणि त्याचा त्यांना अभिमान होता.

माझं म्हणणं मी पूर्ण मागं घेत नाही. काही नाटकांना शांतता लागतेच, ती नाटकं तशीच व्हावीत. पण एक प्रयोग असा असेल, दारावर तशी पाटी असेल आणि आत शिरताना मला ते ठाऊक असेल, तर मी येईन. तिकीट काढून येईन. दारापाशी बसवण्याचं मात्र चूकच होतं.

---

रंकाळाकाठ | मंगळवार, रात्री १०:३०

काका, मनापासून आभार.

एकच मनात आहे. वेगळा प्रयोग ठेवला की तीसुद्धा मागची रांगच होते का? वर्षातून एकदा 'तुमच्यासाठी' आणि बाकी वर्षभर दार बंद, असं व्हायला नको. लंडनच्या बॅटरसी आर्ट्स सेंटरनं जेसच्या संस्थेबरोबर काम करून २०२० मध्ये सबंध वास्तूच अशी मोकळी केली. तिथं एखाद्या प्रयोगापुरती सवलत नाही, रोजची रीतच तशी आहे. ते लगेच होणार नाही हे मला कळतं. पण सुरुवात करताना नजर तिकडं असावी.

---

पडद्यामागचा | बुधवार, दुपारी १२:१५

ठरवूनच टाकूया. आमच्या एकांकिकेची तालीम चालू आहे, पस्तीस मिनिटांची. पुढच्या महिन्याच्या दुसऱ्या रविवारी सकाळी अकराला तालमीच्या हॉलमध्येच पहिला मोकळा प्रयोग करू, साठ जणांपुरता. नाट्यगृहाचं भाडं नाही, पायऱ्या नाहीत. निम्म्या खुर्च्या, निम्म्या सतरंज्या. मागची छोटी खोली रिकामी ठेवतो, तिथं गादी आणि पाण्याचा माठ. सुरुवातीला 'मोबाईल बंद ठेवा'च्या आधी मी सांगीन की इथं आवाज होतील, लोक उठतील, फिरतील, परत येतील, आणि नटांना त्याची कल्पना आहे. नटांशी काल बोललो. एकजण घाबरलाय, त्याला दोन तालमींत पोरांना बोलावून सवय करतो.

निळी छत्री, हॉलचे फोटो शनिवारी काढून पाठवतो. दार, चपला काढायची जागा, दिवे, नटांचे साधे चेहरे आणि मेकअपनंतरचे, सगळं. गोष्ट जुळवायला तुम्ही शिकवा.

---

अर्धी वाक्यं | बुधवार, दुपारी १:०५

मी येते तालमीला. प्रॉम्प्टिंग करू शकणार नाही, पण त्या घाबरलेल्या नटाशेजारी बसीन.

---

रंकाळाकाठ | बुधवार, रात्री ९:५०

मुलाला सांगितलं. त्यानं आधी विचारलं, नाटकात म्हातारा आहे का. मग म्हणाला की त्याला तिसऱ्या रांगेत मधोमध बसायचंय, कोपऱ्यात नाही. आणि दिवाबत्ती काका झांज वाजवणार असतील तर ती कशी वाजते ते आधी एकदा ऐकायचंय.

---

दिवाबत्ती | बुधवार, रात्री १०:०२

शनिवारी फोटो काढायच्या वेळी घेऊन ये त्याला. तोच वाजवून बघू दे. निळी छत्री, तुमच्या मुलीला झांज चालेल का घुंगरू बरे?

---

निळी छत्री | बुधवार, रात्री १०:२०

घुंगरू. पैंजणांचा आवाज तिला आवडतो, आईच्या पायात हात घालून वाजवत बसते.

---

तालीमवाला | बुधवार, रात्री १०:३५

सतरंज्या आठ हायत मंडळाकडं, दोन फाटक्यात. अजून चार कुणाकडं हायत? गॅरेजवाला बी येतोय, त्यानं विचारलंय शीळ चालंल का.

---

रंकाळाकाठ | बुधवार, रात्री १०:४१

चालेल म्हणावं. चार सतरंज्या माझ्या माहेरी आहेत, उत्तरेश्वर पेठेत. शुक्रवारी आणून ठेवते.